१४ जानेवारीवरची दाटी

१४ जानेवारी या तारखेवर महाराष्ट्राच्या इतिहासाने इतके काही ठेवले आहे की ते एका दमात सांगू गेल्यास ऐकणाऱ्याला आधी योगायोगाचे नवल वाटते आणि त्या नवलातच मूळ घटना मागे पडतात. १७६१ साली या तारखेला पानिपतावर मराठ्यांची फौज मोडली. १८८२ साली रघुनाथ धोंडो कर्वे यांचा जन्म झाला. १८९६ साली महाडजवळच्या नाते या गावी चिंतामणराव देशमुख जन्मले. १९९४ साली मराठवाडा विद्यापीठाच्या नावात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव आले. यांपैकी काही गोष्टी त्या तारखेवर आपोआप येऊन पडल्या आणि एक तेथे ठरवून ठेवली गेली, आणि माझ्या मते या दोहोंतला फरक नीट लक्षात घेतल्याशिवाय तारखांच्या जुळणीला फारसा अर्थ राहत नाही.

पानिपतापासून सुरुवात करतो, कारण या तारखेचे वजन मुळात तेथून आले आहे. त्या दिवशी बुधवार होता. मात्र पानिपतच्या छावणीत अडकलेल्या मराठी माणसाच्या हिशेबात १४ जानेवारी असे काही नव्हतेच. त्याच्या दृष्टीने ती शके १६८२, विक्रमनाम संवत्सरातील पौष शुद्ध अष्टमी होती. मराठी कारकून पत्रावर काळ घालताना मुसलमानी महिन्याचा चंद्र आणि शुहूर सन, म्हणजे मराठी दफ्तरात चालणारी अरबी आकड्यांची वर्षगणना, लिहीत असत, त्या रीतीने महिना जमादिलाखर आणि सन इहिदे सितैन मया व अलफ, म्हणजे ११६१. समोर यमुनेच्या बाजूला तळ देऊन बसलेल्या अहमदशहा अब्दालीच्या गोटात हिजरी ११७४ चालू होते. १४ जानेवारी हे नाव त्या दिवसाला कोलकाता किंवा मद्रास येथे कंपनीच्या वखारीत बसलेल्या इंग्रजाने दिले असते, आणि तेही इंग्लंडने १७५२ साली आपले जुने कॅलेंडर सोडून अकरा दिवस गाळले होते म्हणून. हीच लढाई दहा वर्षे आधी झाली असती, तर इंग्रजी कागदांत तिची तारीख ३ जानेवारी अशी पडली असती.

हे सांगण्याचे कारण असे की, तारीख ही घटनेच्या अंगची गोष्ट असल्याप्रमाणे आपण बोलतो, आणि ती तशी नसते. जे लढले ते अष्टमीला लढले. १४ जानेवारी आपण त्यांना मागाहून दिली.

लढाईची हकिकत मराठी वाचकाला ठाऊक असते, तरी तिच्यातल्या एका गोष्टीपाशी थांबतो. ऑक्टोबरअखेरीपासून दोन्ही सैन्ये समोरासमोर होती. दिल्लीकडचा रस्ता अब्दालीने रोखलेला होता. रसद पोहोचवण्याची जबाबदारी असलेले गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले आणि त्यानंतर छावणीतले धान्य आटत गेले. फौजेबरोबर बायका, मुले, यात्रेकरू, बाजारबुणगे अशी मोठी संख्या होती, आणि हे सर्व तोंडे उघडी ठेवून बसलेले असताना जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात उपाशी मरण्यापेक्षा लढून वाट काढावी, असे ठरले. अब्दालीच्या बाजूला असलेल्या अवधच्या नवाब शुजाउद्दौल्याच्या पदरच्या काशीराज पंडिताने या प्रसंगाची जी हकिकत लिहून ठेवली, तीत सदाशिवरावभाऊंनी त्याला पाठवलेल्या शेवटच्या चिठ्ठीचा उल्लेख आहे. पेला काठोकाठ भरला आहे, आता एक थेंबही मावणार नाही, काही करता येण्यासारखे असेल तर करा, नाही तर स्पष्ट कळवा, असा त्या चिठ्ठीचा आशय होता. काशीराज ती शुजाला वाचून दाखवत असतानाच मराठी फौज छावणीबाहेर पडल्याची बातमी घेऊन जासूद आले. दख्खनी ब्राह्मण असलेला हा माणूस शत्रूच्या गोटात बसून आपल्याच भाषेतल्या माणसांचा शेवट लिहीत होता. पानिपतावरच्या साधनांत मला सर्वांत जवळचे वाटते ते त्याचे लेखन. त्यात जयघोष नाही, आणि पराभूतांविषयी तुच्छताही नाही.

सकाळी इब्राहिमखान गारद्याच्या तोफांनी रोहिल्यांची फळी फोडली होती. दुपारी विश्वासराव गोळी लागून पडले, भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसून गर्दीत शिरले, आणि संध्याकाळपर्यंत सर्व संपले. दुसऱ्या दिवशी, म्हणजे १५ जानेवारीला, कैद झालेल्यांची कत्तल झाली, हे मात्र आपल्या स्मरणात दुय्यम राहते. एका तारखेवर सगळे दुःख गोळा केले की शेजारच्या तारखा रिकाम्या दिसू लागतात. नानासाहेब पेशव्यांना माळव्यात भिलशाच्या मुक्कामी दोन मोत्ये गळाल्याचे आणि सत्तावीस मोहरा हरपल्याचे जे सांकेतिक वर्तमान मिळाले, ते जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात. पुण्यासाठी पानिपत त्यानंतर घडले. खुद्द नानासाहेब २३ जून १७६१ रोजी पर्वतीवर वारले, आणि माझ्या मते तोही पानिपताचाच एक दिवस धरायला हवा.

याच आठवड्यातली आणखी एक घटना येथे नोंदवण्याजोगी आहे, जरी ती बरोबर त्याच तारखेची नाही. १६ जानेवारी १७६१ रोजी इंग्रज सेनापती आयर कूटच्या फौजेने फ्रेंचांचे पुदुच्चेरी ताब्यात घेतले. उत्तरेत मराठ्यांचा जोर मोडला आणि दोनच दिवसांनी दक्षिणेत फ्रेंचांचा. पुढच्या साठ वर्षांच्या राजकारणाच्या दृष्टीने ही दोन दिवसांची जवळीक मला १४ तारखेवरच्या कोणत्याही तंतोतंत जुळणीपेक्षा मोठी वाटते. पण तारीख एक नसल्यामुळे वृत्तपत्रातल्या ‘दिनविशेष’च्या चौकटीत या दोन गोष्टी कधीच एकमेकींशेजारी येत नाहीत.

आता संक्रांतीचा प्रश्न. ऐन संक्रांतीच्या दिवशी पानिपत झाले, असे आपल्याकडे सर्रास म्हटले जाते. भाषणांत, शाळेतल्या फळ्यावर, दरवर्षी फिरणाऱ्या संदेशांत हे वाक्य असतेच, आणि मराठीत संक्रांत कोसळणे हा वाक्प्रचार असल्यामुळे ते सहज पटते. वस्तुस्थिती वेगळी आहे. आपले पंचांग सूर्याचा मकर राशीतला प्रवेश स्थिर ताऱ्यांच्या संदर्भाने मोजते, तर इंग्रजी कॅलेंडर ऋतूंना बांधलेले आहे. पृथ्वीच्या आसाच्या संथ गतीमुळे या दोन वर्षांच्या लांबीत थोडा फरक पडतो आणि सुमारे सत्तर वर्षांत संक्रांत इंग्रजी कॅलेंडरात एक दिवस पुढे सरकते. स्वामी विवेकानंदांचा जन्म मकरसंक्रांतीचा, आणि त्यांची तारीख १२ जानेवारी १८६३ आहे, एवढे एक उदाहरण हे पटण्यास पुरेसे आहे. तेथून शंभर वर्षे मागे गेल्यास संक्रांत १० जानेवारीच्या आसपास येते. म्हणजे पानिपतच्या खंदकात उपाशी बसलेल्या लोकांची संक्रांत लढाईच्या चार दिवस आधीच होऊन गेली होती. त्या छावणीत त्या दिवशी तीळगूळ कोणाला मिळाला असेल, हा विचार मला लढाई संक्रांतीला झाली या विधानापेक्षा अधिक अस्वस्थ करतो.

म्हणजे आपण जिला पानिपत आणि संक्रांत यांची एक तारीख समजतो, तिच्यातली संक्रांत त्या काळी तेथे नव्हतीच. ती विसाव्या शतकात तेथे स्थिरावली आणि आता पुन्हा निघाली आहे. अलीकडे काही वर्षी ती १५ जानेवारीला येते, आणि या शतकाच्या अखेरीस १४ जानेवारीची संक्रांत आपल्या नातवंडांना जुन्या दिनदर्शिकेतच सापडेल. तिथीने पाहू गेल्यास पानिपतही फिरते. पौष शुद्ध अष्टमी कधी डिसेंबरच्या अखेरीस येते, तर कधी जानेवारी संपता संपता. शिवजयंती तारखेने की तिथीने यावर महाराष्ट्रात किती वाद झाला, हे सर्वांना माहीत आहे. शासनाने १९ फेब्रुवारी ठरवूनही फाल्गुन वद्य तृतीयेला वेगळी जयंती करणारे आहेत. शिवराज्याभिषेकाचेही तसेच, ६ जून आणि ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी असे दोन्ही दिवस रायगडावर गर्दी असते. पानिपताच्या बाबतीत असा वाद कधी झाला नाही. पराभवाची तिथी कोणी पाळली नाही, म्हणून तारीखच शिल्लक राहिली.

जन्मतारखांविषयी थोडक्यात लिहितो, कारण कोणाचा जन्म कोणत्या दिवशी झाला यात अर्थ शोधण्यासारखे फारसे काही नसते. चिंतामणराव देशमुख आणि पानिपत यांचा संबंध जोडणे व्यर्थ आहे. रोह्या-महाडकडच्या कोकणातून निघालेला हा विद्यार्थी आयसीएसच्या परीक्षेत पहिला आला, रिझर्व्ह बँकेचा पहिला भारतीय गव्हर्नर झाला, १९४४ साली ब्रेटन वुड्स परिषदेत भारतातर्फे बसला आणि पुढे देशाचा अर्थमंत्री झाला. मात्र त्यांच्या आयुष्यातला जो प्रसंग महाराष्ट्र विसरू शकत नाही, तो जानेवारीशी बांधलेला आहे. पंडित नेहरूंनी मुंबई केंद्रशासित ठेवण्याची घोषणा केली ती १६ जानेवारी १९५६ रोजी, देशमुखांना साठ वर्षे पूर्ण झाल्यावर दोनच दिवसांनी. मुंबई पेटली, गोळीबारात माणसे मेली, आणि देशमुखांनी त्या प्रश्नावर अर्थमंत्रिपद सोडले. त्या वर्षीच्या जुलैत लोकसभेत त्यांनी राजीनाम्याचे जे निवेदन केले, ते मंत्र्याने सत्ता सोडताना आपल्याच सरकारला काय सुनावावे याचा नमुना आहे. अर्थकारणाएवढेच संस्कृतवर प्रेम करणाऱ्या या माणसाने मेघदूत मराठीत आणले, हेही सांगितल्यावाचून राहवत नाही.

रघुनाथराव कर्व्यांचा धागा मात्र वेगळा आहे आणि तो या तारखेवर मला खरोखर थांबवतो. महर्षी कर्व्यांचा हा थोरला मुलगा गणिताचा प्राध्यापक. १९२१ साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले आणि १९२७ च्या जुलैपासून ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक चालवले, ते १९५३ साली मृत्यूपर्यंत. पत्नी मालतीबाईंच्या साथीने, नोकरी गमावून, लोकांच्या शिव्या खाऊन त्यांनी हे काम केले. मासिकात वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला भरला गेला, तेव्हा १९३४ साली त्यांच्या बाजूने न्यायालयात उभे राहिले ते बॅरिस्टर भीमराव आंबेडकर. ज्या काळात आपल्या चळवळीवर आधीच चारी बाजूंनी टीका होत होती, त्या काळात असे वकीलपत्र घेणे बाबासाहेबांना सोपे नव्हते. वाचकाने विचारलेल्या प्रश्नाचे शास्त्रीय उत्तर देणे हा गुन्हा कसा होतो, असा त्यांचा पवित्रा होता. खटला हरला, कर्व्यांना दंड झाला. पुढे १९३८ साली मुंबईच्या कायदेमंडळात संततिनियमनाच्या प्रसाराचा ठराव आला, तो बाबासाहेबांच्या स्वतंत्र मजूर पक्षाकडूनच.

ज्याची बाजू त्यांनी मांडली, त्याच्या जन्मतारखेला साठ वर्षांनी बाबासाहेबांचे नाव एका विद्यापीठाला दिले गेले. हे कोणी जुळवून आणलेले नाही. १९९३ सालच्या मंत्रालयात कर्व्यांची जयंती कोणाच्या मनातही नसेल. तरीही या दोन नोंदी एका पानावर दिसतात तेव्हा त्यांच्यामधला १९३४ सालचा तो खटला आठवतो, आणि तारखांच्या जुळणीचा एवढा उपयोग मी मान्य करतो: दोन माणसांमधला जो खरा संबंध आपण विसरलो होतो, त्याच्याकडे ती बोट दाखवते.

आता १९९४. या घटनेविषयी मी अधिक लिहिणार आहे, कारण दिनविशेषाच्या चौकटीत तिला एक ओळ मिळते आणि त्या ओळीत जवळजवळ काहीच नसते.

मराठवाडा विद्यापीठ २३ ऑगस्ट १९५८ रोजी तेव्हाच्या औरंगाबादेत स्थापन झाले. त्याआधी, १९५० साली, बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने याच शहरात महाविद्यालय काढले होते, तेच पुढचे मिलिंद महाविद्यालय. निजामी राजवटीतून नुकत्याच सुटलेल्या, उच्च शिक्षणाची वानवा असलेल्या या भागात नागसेनवनाच्या माळावर जे शिक्षण सुरू झाले, त्यामुळे खेड्यापाड्यांतल्या दलित घरांतली पहिली पिढी पदवीपर्यंत गेली. विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव असावे, ही मागणी त्या जमिनीतून उगवलेली होती. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी नामांतराचा ठराव संमत केला, आणि त्याच रात्रीपासून मराठवाड्यात दलित वस्त्यांवर हल्ले सुरू झाले. घरे जाळली गेली, विहिरी नासवल्या गेल्या, माणसे गाव सोडून पळाली. नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीचे पोचिराम कांबळे यांना ४ ऑगस्ट १९७८ रोजी मारले गेले. ते मातंग समाजातले होते, आणि ‘जय भीम’ म्हणणे सोडायला त्यांनी नकार दिला होता, ही आठवण चळवळीतल्या माणसांनी जपून ठेवली आहे. ठराव संमत झाला तरी त्याची अंमलबजावणी थांबली. १९७९ च्या नोव्हेंबरात प्रा. जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वाखाली नागपूरच्या दीक्षाभूमीवरून लाँग मार्च निघाला, तो औरंगाबादला पोहोचण्याआधीच वाटेत अडवला गेला. त्यानंतर सत्याग्रह, तुरुंग, मोर्चे, शिष्टमंडळे. नोव्हेंबर १९९३ मध्ये गौतम वाघमारे या तरुणाने नांदेडमध्ये स्वतःला जाळून घेतले. त्यानंतर दोन महिन्यांच्या आत, १४ जानेवारी १९९४ रोजी, मुख्यमंत्री शरद पवार यांच्या सरकारने विद्यापीठाचे नाव ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ’ असे केले. त्याच वर्षी नांदेडला स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाने दुसरे विद्यापीठ झाले.

‘मराठवाडा’ हा शब्द काढला गेला नाही, त्याच्या आधी बाबासाहेबांचे नाव जोडले गेले. म्हणून सरकारी कागदात ‘नामविस्तार’ हा शब्द आला. ज्यांनी साडेपंधरा वर्षे नामांतरासाठी आंदोलन केले, त्यांच्यातल्या काहींना ही तडजोड बोचली, काहींनी ती पदरात पडले ते पवित्र म्हणून स्वीकारली. माझे मत विचाराल तर, ज्या गावांत राख झालेली घरे पुन्हा उभी राहिली होती, त्या गावांत पुन्हा आग लागू नये ही काळजी खरी होती. पण ती काळजी वाहण्याचा भार ज्यांची घरे जळली होती त्यांच्याच खांद्यावर ठेवला गेला, हेही तितकेच खरे आहे.

या तारखेला मी विद्यापीठाच्या दारावर पुष्कळदा गेलो आहे. ती कमान लांबून ओळखू येते. सकाळपासून बीड, जालना, परभणी, हिंगोलीकडून जीप आणि बसगाड्या भरून माणसे येतात. पांढऱ्या साडीतल्या म्हाताऱ्या बायका चपला बाजूला काढून कमानीच्या पायथ्याला डोके टेकवतात, त्यांच्यामागे कॉलेजातली नातवंडे मोबाईलवर फोटो काढत उभी असतात. रस्त्याच्या दोन्ही अंगांना पुस्तकांचे स्टॉल लागतात, आणि पोळीभाजी बांधून आणलेला माणूसही घरी परत जाताना दोन तरी पुस्तके घेऊन जातो. देवळाच्या दारावर डोके टेकवणारी गर्दी मी अनेक ठिकाणी पाहिली आहे. विद्यापीठाच्या दारावर टेकवणारी फक्त येथे. यातल्या कित्येकांनी त्या इमारतीत कधी पाऊल ठेवलेले नसते.

त्याच दिवशी हरियाणात पानिपतजवळच्या काला अंब येथे दुसरी गर्दी असते. महाराष्ट्रातून गेलेली माणसे आणि स्वतःला त्या लढाईतून मागे राहिलेल्या मराठ्यांचे वंशज मानणारे तिथले रोड समाजाचे लोक स्मारकापाशी एकत्र येतात आणि तो शौर्यदिन म्हणून पाळतात. दोन्हीकडची माणसे आपापल्या मेलेल्यांना आठवत असतात. काला अंबला ज्यांची नावे घेतली जातात, ते सरदार आहेत, त्यांची पत्रे, बखरी, पोवाडे आपल्याकडे आहेत. सदाशिवरावभाऊ, विश्वासराव, जनकोजी शिंदे, इब्राहिमखान ही नावे शाळेतल्या मुलालाही पाठ असतात. त्यांच्याबरोबर मेलेल्या हजारो बिनीवाल्यांची आणि बाजारबुणग्यांची नावे आपल्याला मिळणार नाहीत, कारण ती त्या वेळी कोणी लिहिली नाहीत. १९७८ ते १९९३ या काळात मेलेल्यांचे तसे नाही. ती नावे गाव, वय आणि दिवसासकट आजही सांगता येतात, त्यांचे आप्त हयात आहेत. म्हणून दरवर्षी जानेवारीत जे संपादक आणि शिक्षक दिनविशेष लिहितात, त्यांच्याकडे माझे एक मागणे आहे. ‘१९९४ : मराठवाडा विद्यापीठाचा नामविस्तार’ या ओळीखाली आणखी एक ओळ घालावी, आणि तीत पोचिराम कांबळे आणि गौतम वाघमारे यांची नावे छापावीत.